जॉन ल मेझरर : बटण उघडं ठेवणारा सार्जंट

गच्चीवरचा

जुने ब्रिटिश विनोदी सिनेमे बघायची खोड असेल तर हा चेहरा तुम्ही पाहिलेला आहेच, नाव माहीत असेलच असं नाही. उंच, शेलाटा, डोळ्यांखाली पिशव्या, आणि चेहऱ्यावर कायम असा भाव की आत्ताच कुणीतरी याला काहीतरी अप्रिय सांगितलंय पण चारचौघांत कशाला बोला म्हणून हा गप्प आहे. वकील, डॉक्टर, जज, बटलर, हेडवेटर, तुरुंगाचा गव्हर्नर. शंभराच्या वर सिनेमे, त्यातली कित्येक कामं आला-दोन वाक्यं बोलला-गेला अशी. जॉन ल मेझरर.

जन्म ५ एप्रिल १९१२, बेडफर्ड. वाढला बरी सेंट एडमंड्सला. वडील सॉलिसिटर, घर खाऊनपिऊन सुखी. खरं आडनाव हॅलिली, ल मेझरर हे आईच्या माहेरचं, नाटकात आल्यावर घेतलेलं. शेरबोर्नला बोर्डिंगात टाकला, ती शाळा त्याला जन्मात आवडली नाही (त्याच सुमारास तिथे पुढचा मोठा गणितज्ञ अॅलन ट्युरिंगपण शिकत होता). मग घरच्यांच्या इच्छेखातर वकिलाकडे उमेदवारी केली, १९३३ मध्ये ती सोडली आणि लंडनला फे कॉम्प्टनच्या नाट्यशाळेत नाव घातलं. तिथे बरोबर कोण, तर अॅलेक गिनेस. गिनेस पुढे जगप्रसिद्ध सिनेनट झाला, हा मात्र एडिंबरा, इकडे, तिकडे करत गावोगावच्या रेपर्टरी कंपन्यांमध्ये काम करत राहिला. रेपर्टरी म्हणजे रात्री या आठवड्याचं नाटक करायचं आणि दिवसा पुढच्याच्या तालमी. स्वतःला तो शेवटपर्यंत 'मिळेल ते काम करणारा नट' असंच म्हणायचा, आत्मचरित्राचं नावही तेच आहे.

१९४० च्या सप्टेंबरात जर्मन बॉम्ब पडून राहतं घर गेलं, सगळं सामान गेलं, त्यात सैन्यात हजर व्हायचे कागदही गेले. तरी गडी हजर झालाच, तोही गोल्फच्या काठ्या घेऊन. रणगाडा रेजिमेंटमध्ये कमिशन मिळालं, १९४३ ला हिंदुस्थानात बदली झाली आणि उरलेलं युद्ध वायव्य सरहद्दीवर तसं आरामात काढून १९४६ ला कॅप्टन म्हणून घरी परत. कॅप्टन हे लक्षात ठेवा, पुढे लागणार आहे.

सिनेमात १९४८ पासून. खरा जम बसला बोल्टिंग बंधू या ब्रिटिश निर्माते-दिग्दर्शक जोडीच्या सिनेमांत. 'आय एम ऑल राइट जॅक' (१९५९) मध्ये हा कारखान्यातला वेळमोजणी साहेब आहे, हातात स्टॉपवॉच घेऊन कामगार किती वेळात काय करतो ते लपूनछपून टिपणारा. पीटर सेलर्स त्यात युनियन लीडर आहे आणि सगळा सिनेमा त्याने खाल्लाय असं म्हणतात, मला मान्य आहे, पण ल मेझररने त्या माणसाला एक झटका दिलाय चेहऱ्याचा, बारीकसा, म्हणजे मनासारखी माहिती हाताला लागायला लागली की गाल उडतो, बास. संवाद लिहिणाऱ्याने नुसता एक अधिकारी लिहिलेला असणार, या माणसाने त्याला एक आजार दिला आणि तो आजार लक्षात राहतो.

मग १९६८ ला बीबीसीवर 'डॅड्स आर्मी'. वय ५६. ज्यांनी पाहिली नाहीये त्यांच्यासाठी थोडक्यात: १९४० मध्ये जर्मन इंग्लंडवर उतरणार अशी हवा होती तेव्हा सैन्यात न घेतलेल्या म्हाताऱ्या नि पोरासोरांची होम गार्ड नावाची फौज उभी केली होती, त्यातल्या एका काल्पनिक किनाऱ्यावरच्या गावातल्या पलटणीची ही मालिका. बँकेचा मॅनेजर मॅनरिंग हा कॅप्टन (आर्थर लो), त्याचाच हेडक्लार्क विल्सन हा सार्जंट. नऊ सीझन, ८० भाग, १९७७ पर्यंत. आणि पन्नाशी उलटेपर्यंत ज्याला लोक 'अरे तो, तो नाही का' म्हणून ओळखत होते तो रस्त्यात अडवून सही मागण्याइतका मोठा झाला.

विल्सन कसा करायचा हे त्याला सुचेना, मग त्याने ठरवलं की आपणच व्हायचं, आपण सैन्यात जसे वागायचो तसंच. एक-दोन बटणं उघडी, गणवेशाची बाही किंचित दुमडलेली, आणि हुकूम असा द्यायचा की कुणाला चहाला बोलावतोय आणि तो येणार नाही हे आधीच ठाऊक आहे. 'जरा रांगेत उभं राहता का, हरकत नसेल तर.' सार्जंट असं बोलतो! मॅनरिंगचा तिळपापड व्हायचा आणि आपण हसून बेजार.

बायका, दारू, शेवट यावर लिहायचं राहिलंय, पण आधीच लांबलंय. मला एकच म्हणायचंय, या माणसाने पडद्यावर जे केलं तेच आयुष्यातही केलं. समोरचा काय वाट्टेल ते करो, आपण आवाज चढवायचा नाही. हे थोरपण म्हणायचं का आणखी काही, ते मला ठरवता येत नाहीये.

---

तिखटमीठ

मस्त लिहिलंय! मी 'द इटालियन जॉब' तीनदा पाहिलाय आणि तो तुरुंगाचा गव्हर्नर म्हणजे हाच हे आत्ता कळतंय 😀 सुरुवात कुठून करू? ८० भाग बघायला सवड नाही.

---

स्लाऊचा_सदा

इकडे बीबीसी टू वर शनिवारी संध्याकाळी अजूनही डॅड्स आर्मीचे जुने भाग लागतात आणि माझ्या ऑफिसातले तिशीतले गोरे लोकही ते बघतात. आधी मला कळायचं नाही की यात एवढं काय आहे, म्हातारे पळतात, पडतात, एवढंच. मग इथे राहून राहून इथला वर्ग-प्रकार समजायला लागला आणि मालिका उघडली.

मॅनरिंग साध्या घरातून आलेला, स्वतःच्या हिमतीवर मॅनेजर झालेला, आणि विल्सन बड्या घरचा, पब्लिक स्कूलचा (म्हणजे इथली महागडी खाजगी शाळा), काही न करता साहेब दिसणारा. हुद्दा याचा वरचा, पण घराणं त्याचं वरचं, आणि ते दोघांनाही क्षणभर विसरता येत नाही. १९७३ चा एक भाग आहे 'द ऑनरेबल मॅन', त्यात विल्सनचा काका मरतो आणि कुटुंबातली पायरी सरकून याच्या नावामागे 'ऑनरेबल' ही उमराव घराण्याची उपाधी लागते. लगेच गोल्फ क्लबवाले याला बोलावतात, जिथे मॅनरिंग कित्येक वर्षं घुसायला धडपडतोय. त्या भागात लो चा चेहरा बघा आणि ल मेझररचा बघा. एक जळतोय आणि दुसऱ्याला खरंच कळत नाहीये की यात जळण्यासारखं काय आहे. ज्याला मिळालेलं असतं त्याला ते दिसतच नाही ना.

आणि गच्चीवरचा, कॅप्टनचं तुम्ही म्हणालात ते पुढे सांगितलंच नाहीत! खऱ्या युद्धात ल मेझरर कॅप्टन आणि आर्थर लो सार्जंट-मेजर. मालिकेत बरोब्बर उलटं. सुरुवातीला बरेच जण धरून चालले होते की कॅप्टन ल मेझरर आणि सार्जंट लो, सगळ्या सिनेमांत तशीच कामं मिळत आलेली. ते उलटवलं म्हणून मालिका चालली असं माझं ठाम मत आहे.

---

खवचट_काकू

लेख आवडला पण शेवटच्या परिच्छेदात जे पिल्लू सोडून पळ काढलायत त्यावर बोलते.

ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी. पहिलं लग्न जून मेलव्हिलशी, १९४० ला, नऊ वर्षांत मोडलं, ते सोडा. १९४९ ला हॅटी जेक्सशी लग्न. ही 'कॅरी ऑन' नावाच्या ब्रिटिश विनोदी सिनेमांतली ती दांडगी मेट्रन, तेव्हा नवऱ्यापेक्षा जास्त प्रसिद्ध, दोन मुलगे, अर्ल्स कोर्टला मोठं घर, घरात कायम माणसांची वर्दळ आणि सगळ्यांना जेवायला घालणारी बाई. साठीच्या दशकात तिला जॉन स्कोफिल्ड नावाचा तरणा ड्रायव्हर भेटला. तो घरात राहायलाच आला. आणि नवरा? नवऱ्याने मुकाट्याने बाडबिस्तरा उचलला आणि त्याच घरात वरच्या खोलीत गेला. १९६३ ला टीव्हीवर हॅटीचा सत्कार-कार्यक्रम झाला, 'धिस इज युअर लाइफ', त्यात हा शेजारी बसून आदर्श पती. पुढे घटस्फोट झाला तेव्हा तिच्या नावाला बट्टा नको, तिची कामं जातील, म्हणून दोष स्वतःवर घेतला. वर्तमानपत्रांनी यालाच बाहेरख्याली ठरवला.

आता सगळे म्हणणार केवढा सज्जन. मी म्हणते जरा त्या बाईच्या बाजूनेही बघा. जो माणूस भांडतच नाही त्याच्याशी संसार करणं म्हणजे काय असतं हे ज्यांनी केलंय त्यांना विचारा. घरात परका पुरुष येऊन राहतो आणि तुम्ही 'ओ डिअर' म्हणून जिना चढता? ते थोरपण नाही, ते टाळणं आहे. संध्याकाळ झाली की जॅझ क्लब आणि ग्लास, घरात काय चाललंय ते बघायलाच नको.

---

गच्चीवरचा

काकू, टाळणं होतं हे मला मान्य. पण घटस्फोटाच्या वेळी त्याने जे केलं त्यात टाळणं कुठे आहे? तिथे गप्प बसून भागणारं नव्हतं, नाव खराब होणार हे ठाऊक असून तो पुढे झालाय. आणि त्या काळचा इंग्लंडचा कायदा बघा, कुणीतरी एक दोषी ठरल्याशिवाय घटस्फोटच मिळत नव्हता, परस्परसंमती वगैरे नंतरची गोष्ट.

दुसरा किस्सा तर याच्यावरचा आहे. १९६६ च्या मार्चमध्ये त्याने तिसरं लग्न केलं, जोनशी, आणि काही महिन्यांतच ती टोनी हॅनकॉकच्या प्रेमात पडली. हॅनकॉक म्हणजे तेव्हाचा ब्रिटनमधला सगळ्यात मोठा विनोदी नट, याचा जिवलग मित्र, ज्याच्या मालिकेत नि सिनेमांत याने कामं केलेली. एव्हाना हॅनकॉक पूर्ण दारूच्या आहारी. जोन त्याच्याकडे राहायला गेली, मार खाल्ला, परत आली, परत गेली. ल मेझररने दोघांशीही संबंध तोडले नाहीत. २५ जून १९६८ ला हॅनकॉकने सिडनीत आत्महत्या केली. डॅड्स आर्मीचा पहिला भाग लागला ३१ जुलैला. मधे पाच आठवडे. मित्र गेलाय, त्याच्यासाठी रडणारी बायको आपल्या घरी आहे, आणि टीव्हीवर आपण देशाला हसवतोय. हे कळल्यापासून पहिल्या सीझनमधला त्याचा चेहरा मला आधीसारखा बघता येत नाही.

---

खवचट_काकू

जोन परत आली आणि याने तिला एका शब्दाने विचारलं नाही, शेवटपर्यंत दोघं एकत्र राहिली, हे मला माहितीये. जोनचं पुस्तकही आहे त्यावर. तरी माझं मत तेच. विचारायला हवं होतं.

---

नाशिककर

मला या नटाबद्दल काडीचं माहीत नव्हतं पण डॅड्स आर्मी म्हटल्यावर राहवेना. ती लिहिणारे जिमी पेरी आणि डेव्हिड क्रॉफ्ट, त्यांचीच पुढची मालिका 'इट एन्ट हाफ हॉट मम', १९७४ ते ८१, तिची सुरुवात कुठे घडते माहितीये का? आपल्या देवळालीला! पेरी स्वतः युद्धात देवळालीच्या छावणीत होता, सैनिकांच्या करमणुकीची जी पार्टी असते त्यात. त्याआधी पोरगेला असताना वॉटफर्डच्या होम गार्डमध्ये, म्हणजे डॅड्स आर्मीतला तो मफलरवाला पाइक म्हणजे बराचसा पेरीच. जे भोगलं ते लिहिलं.

देवळालीवाली मात्र आता बीबीसी दाखवत नाही. त्यात मायकेल बेट्स नावाचा गोरा नट तोंडाला रंग फासून हिंदी नोकर झालाय. तो जन्मला झाशीला आणि हिंदुस्तानी चांगली बोलायचा हे खरं, पण म्हणून ते बघवत नाही. माझे काका देवळाली कॅम्पातच नोकरीला होते, त्यांना दोन भाग दाखवले तर ते म्हणाले बाकी राहू दे, पण हे देवळाली नाही, कुठलं तरी इंग्लंडचं जंगल दिसतंय. (आणि आहेच ते इंग्लंडचं जंगल.)

सॉरी, फार अवांतर झालं.

---

पडद्यामागे

अवांतर छान होतं, चालू द्या.

मी संपादनाच्या धंद्यात आहे म्हणून त्या बाजूने लिहितो. ल मेझरर हा प्रतिक्रियेचा नट. दोन जणांचा सीन असेल तर बोलणाऱ्यावर कट करायचा की ऐकणाऱ्यावर हा आमचा रोजचा प्रश्न, आणि असा नट असला की कात्री आपोआप ऐकणाऱ्याकडे जाते. डॅड्स आर्मीत मॅनरिंग काहीतरी अचाट योजना सांगतो, मग विल्सन. आधी काहीच नाही. मग भुवई. मग नजर खाली किंवा बाजूला, जणू जाण्याची वाट शोधतोय. आणि मग अगदी हळू, 'हे शहाणपणाचं ठरेल असं वाटतं का, सर?' हशा बहुतेक वेळा त्या वाक्याच्या आधीच सुरू झालेला असतो, स्टुडिओत खरे प्रेक्षक बसवलेले होते, त्यामुळे लक्ष देऊन ऐका. त्याला या कामासाठी सुचवलं ते बीबीसीच्या विनोदी विभागाचे प्रमुख मायकेल मिल्स यांनी, आणि कारण काय दिलं, तर हा माणूस सोसतो फार छान. नटाचं याहून नेमकं वर्णन मी वाचलेलं नाही.

पण त्याची खरी ताकद बघायची असेल तर 'ट्रेटर' शोधा, १९७१, डेनिस पॉटरने बीबीसीसाठी लिहिलेलं. किम फिल्बीसारखा एक ब्रिटिश गुप्तहेर, रशियाला फितूर होऊन आता मॉस्कोच्या फ्लॅटमध्ये पीत पडलेला, आणि मायदेशाहून पत्रकार मुलाखतीला आलेत. देशाशी नाही, माझ्या वर्गाशी बेइमानी केली असं तो सांगत राहतो. आता गंमत बघा, तोच आवाज, तीच सभ्यता, तेच डोळे, विल्सनचेच. फक्त इथे आतलं फुटून बाहेर येतं. एरवी जो माणूस आवाज चढवत नाही तो ओरडायला लागला की अंगावर येतं. या कामासाठी त्याला १९७२ ला बाफ्टा (ब्रिटनचा सिनेमा-टीव्हीचा मोठा पुरस्कार) मिळालं, सर्वोत्कृष्ट टीव्ही नट म्हणून. तोपर्यंत सगळे समजत होते की हा स्वतःसारखा वागतो आणि त्याचेच पैसे घेतो.

काकूंना एक सांगायचंय. तो टाळतो हे तुम्ही बरोबर ओळखलंत, पण त्याला ते आपलं आपल्याला माहीत होतं असं ट्रेटर बघून वाटतं. माहीत नसतं तर ते काम तसं झालंच नसतं.

---

रेघोट्या

कुणीच आवाजाबद्दल लिहिलं नाही? १९७५ च्या सुमाराला ब्रिटनमधल्या लहान मुलांसाठी 'बॉड' म्हणून एक अगदी साधी ॲनिमेशन मालिका होती, टक्कल असलेला, पिवळा झगा घातलेला एक पोरगा, त्याच्या गोष्टी सांगणारा आवाज याचा. १९८१ च्या बीबीसी रेडिओच्या 'लॉर्ड ऑफ द रिंग्ज' मध्ये म्हातारा बिल्बो हाच. त्याच वर्षी 'ब्राइड्सहेड रिव्हिजिटेड' मध्ये पाद्री. सगळीकडे तोच आवाज, झोप अर्धवट झालेल्या सद्गृहस्थाचा.

शिवाय पियानो वाजवायचा, जॅझ, आणि सोहोमधल्या रॉनी स्कॉटच्या क्लबात पडीक असायचा. हॅटीपासूनचा थोरला मुलगा रॉबिन पुढे रॉड स्ट्युअर्टच्या बँडमध्ये गिटार वाजवत होता. तेव्हा काकू, जॅझ क्लब अगदीच वाया गेले नाहीत 😉

---

स्लाऊचा_सदा

शेवटच्या सीझनमध्ये तो अचानक किती वाळलेला दिसतो ते पाहिलंय का कुणी? गाल बसलेत, गणवेश अंगावर लोंबतोय. मी आधी समजलो वय. यकृत खराब झालं होतं, डॉक्टरांनी दारू पूर्ण बंद केलेली. मालिका संपल्यावर थोडीथोडी परत सुरू केली असं वाचलंय, दारूशिवाय जगणं फार कंटाळवाणं म्हणे.

१५ नोव्हेंबर १९८३ ला रॅम्सगेटला गेला, ७१ वर्षांचा. लो दीड वर्ष आधीच गेला होता. जाण्याआधी 'सगळं कसं छानच झालं' एवढं बोलला म्हणतात. आणि 'टाइम्स'मध्ये जी निधनाची जाहिरात आली ती त्याने आधीच स्वतः लिहून ठेवली होती: जॉन ल मेझरर यांना कळवावयाचे आहे की ते १५ नोव्हेंबर रोजी खलास झाले, नातेवाईक व मित्र यांची त्यांना फार आठवण येते. म्हणजे आठवण यालाच येतेय, मागे राहिलेल्यांना नाही! आपल्याकडे पेपरात असं कुणी छापायला दिलं तर पान लावणारा घरी फोन करून विचारेल.

---

तिखटमीठ

😂😂 हे वाचून मी जागीच.

अहो पण माझ्या प्रश्नाचं उत्तर द्या ना कुणीतरी, काय बघू?

---

पडद्यामागे

क्रमाने सांगतो. 'ए. विल्सन (मॅनेजर)?', १९७० चा. विल्सनला शेवटी स्वतःची शाखा आणि अधिकारीपद मिळतं, तो निरोप घेऊन जातो, आणि ती शाखाच बॉम्बने उडते. मग 'गेटिंग द बर्ड', १९७२. गावात कुजबुज चालते की विल्सन एका तरुण मुलीबरोबर फिरतोय. ती कोण निघते ते सांगत नाही. शेवटी 'ट्रेटर', पण रविवारी संध्याकाळी नको.

---

तिखटमीठ

'गेटिंग द बर्ड' पाहिला. आता मला काकूंशी भांडायचंय.

---

खवचट_काकू

भांडा की! मीही काल पाहिला तो. ती मुलगी त्याची, आईबापांचं लग्न मोडलेलं, एवढी वर्षं भेट नाही, आणि विल्सनने पलटणीत एकालाही सांगितलेलं नाही. म्हणजे लिहिणाऱ्यांनाही हेच दिसलं होतं जे मी सांगतेय, माणूस गोड आहे आणि सगळं पोटात ठेवून बसलाय. तिच्याशी बोलताना मात्र पहिल्यांदा त्याचा खांदा सैल पडतो. ते काम चांगलं केलंय, तेवढं कबूल.

एक मात्र खरं, या सगळ्या धाग्यात हॅटी म्हणजे फक्त 'त्याची बायको' आणि 'ड्रायव्हरवाली'. चौदा कॅरी ऑन, रेडिओची केवढी कारकीर्द, हॅनकॉकबरोबरची कामं, त्यावर अक्षर नाही. गच्चीवरचा, पुढचा धागा तिच्यावर काढा. नाहीतर मी काढते, आणि त्यात नवऱ्याला एकच ओळ देणार आहे.

---

गच्चीवरचा

काढाच काकू, मी पॉपकॉर्न घेऊन बसतो. फक्त ती ओळ 'वरच्या खोलीत राहत असे' अशी नको.